जुन्या अमेरिकी मूक वेस्टर्न (काउबॉय, घोडदौड, गोळीबारवाल्या) लघुपटांत माणसं तुरुतुरु पळताना का दिसतात? ते योग्य वेगाने कसे पाहावेत?

दोष बहुतेक वेळा प्रतीचा असतो. त्या काळी कॅमेऱ्याचं हँडल हाताने फिरवत. एका फेऱ्यात ८ फ्रेम (फिल्मवरची सुटी चित्रं), सेकंदाला दोन फेरे, म्हणजे साधारण १६ फ्रेम. बोलपट आल्यावर २४ हा वेग ठरला. १६ने टिपलेलं २४ने चालवलं की सगळं दीडपट वेगाने घडतं.

फिल्मची लांबी माहीत असेल तर काम सोपं आहे. ३५ मिमीच्या एका फुटात १६ फ्रेम बसतात, त्यामुळे १६च्या वेगाला एक फूट म्हणजे एक सेकंद. एडविन पोर्टरचा ‘द ग्रेट ट्रेन रॉबरी’ (१९०३) ७४० फुटांचा. १६ने १२ मिनिटं २० सेकंद, १८ने जवळपास ११ मिनिटं, २४ने सव्वाआठ. तुमची प्रत आठ मिनिटांत आटपत असेल आणि त्यातलं काही गळालेलं नसेल, तर ती पळवलेली आहे. (आपला ‘राजा हरिश्चंद्र’ ३,७०० फुटांचा. तो ४० मिनिटांचा म्हणतात तो २४चा हिशेब. १६ने तो तासाच्या वर जातो.)

लांबी माहीत नसेल तर पडणारी वस्तू शोधा. कमरेइतक्या, म्हणजे मीटरभर उंचीवरून सुटलेलं पिस्तूल ०.४५ सेकंदात जमिनीला टेकतं. यूट्यूबवर व्हिडिओ थांबवून पूर्णविरामाची कळ दाबत एकेक फ्रेम मोजा. त्याच त्या फ्रेम पुन्हा आल्या तर त्या धरू नका. ७ भरल्या तर १६, ८ भरल्या तर १८. एखाद्या फ्रेमची चूक होतेच, म्हणून दोन-तीन ठिकाणी मोजा.

घोडदौडीवरून मात्र वेग ठरवू नका. पाठलागाला रंग चढावा म्हणून कॅमेरामन मुद्दाम हँडल हळू फिरवत; फ्रेम कमी टिपल्या की पडद्यावर दौड जलद दिसते. ती दौड वेगवानच दिसायला हवी; ‘दुरुस्त’ केली तर पाठलागाचा जीवच जातो.

२४च्या फाइलमध्ये दर तिसरी किंवा चौथी फ्रेम आधीचीच निघाली, तर वेग आधीच सुधारलेला आहे. तो पुन्हा कमी केलात तर माणसं पाण्यातून चालल्यासारखी दिसतील. तसं नसेल तर यूट्यूबच्या सेटिंगमध्ये प्लेबॅकचा वेग ०.७५ निवडा, २४चे १८ होतात; व्हीएलसी या व्हिडिओ प्लेअरमध्ये ०.६७ ठेवलं की १६. एआयने मधल्या फ्रेम भरलेल्या प्रती टाळाच, त्यांत घोड्याचे पाय, लगाम आणि बंदुकीचा धूर एकमेकांत मिसळतात.

१६ की १८ यावर फार अडू नका. प्रोजेक्टरही हातानेच फिरे आणि बऱ्याच ठिकाणी टिपल्यापेक्षा जरा जलदच. शंका असेल तिथे मी १८ धरतो.