डोकं सतत मागे-पुढे पळतं, वर्तमानात जगायचं म्हणजे नेमकं काय करायचं?

तुम्ही लिहिलंय की ऑफिसात बसलं की घरची चिंता, घरी आलं की उद्याच्या मीटिंगची, जेवणात काय होतं तेही नंतर आठवत नाही, आणि ध्यानाला बसलात तर पाच मिनिटंसुद्धा मन टिकत नाही. आणि वर सगळे सांगतात वर्तमानात जगा.

हे तुमचं एकट्याचं नाहीये हो. 2010 साली हार्वर्डच्या मॅथ्यू किलिंग्सवर्थ आणि डॅनियल गिल्बर्ट या दोघांनी एक अभ्यास केला होता, त्यात लोकांना आयफोनवर दिवसभरात कधीही अचानक विचारायचे की आत्ता काय करताय, मन त्यातच आहे का भलतीकडे, आणि बरं वाटतंय का नाही. 2,250 लोकांच्या उत्तरांतून निघालं की जवळजवळ 47 टक्के वेळा मन हातातल्या कामात नव्हतंच, म्हणजे अर्धा दिवस सगळेच बाहेरगावी! आणि गंमत म्हणजे जे लोक मनात काहीतरी छान घोळवत होते तेसुद्धा कामात लक्ष असलेल्यांपेक्षा जास्त खुश नव्हते, आणि ज्यांचं मन चिंतेकडे गेलेलं त्यांचं तर विचारूच नका.

आता करायचं काय. मला या गोष्टीचा जो काही अंदाज आला तो इगतपुरीला, धम्मगिरी या केंद्रातल्या विपश्यना ध्यानाच्या शिबिरात, म्हणून त्यावरूनच सांगतो. हे शिकवणारे सत्यनारायण गोयंका मूळचे मंडालेचे, 1969 ला भारतात आले आणि 1976 पासून इगतपुरीला शिबिरं सुरू झाली. 2013 ला ते गेले, पण शिकवणं अजून त्यांच्याच रेकॉर्डिंगवर चालतं. त्यांचे गुरू सयाजी ऊ बा खिन हे बर्माचे अकाउंटंट जनरल होते, म्हणजे चक्क सरकारी हिशेबवाले, आणि ती नोकरी सांभाळून रंगूनला लोकांना ध्यान शिकवायचे. म्हणून कोणी म्हणालं की नोकरी-संसारवाल्याला हे कुठून जमणार तर मला जरा हसू येतं.

शिबिर दहा दिवसांचं, दहाव्या दिवसाच्या सकाळपर्यंत बोलायचं नाही, फोन पहिल्याच दिवशी जमा, पहाटे 4 ला घंटा आणि 4:30 पासून ध्यान. पहिले तीन दिवस काय करायचं तर फक्त श्वास बघायचा, नाकाच्या टोकाशी आत येतो बाहेर जातो तेवढंच. लांब घ्यायचा नाही, रोखायचा नाही, मंत्र नाही, देव नाही. ऐकायला एकदम सोपं वाटतं आणि बसलं की कळतं, तीन श्वास होतात न होतात तोवर मन होमलोनच्या हप्त्यावर, तिथून बँकेतल्या कोणाशी झालेल्या भांडणावर, तिथून आपण त्याला काय सुनवायला पाहिजे होतं त्याच्या पूर्ण डायलॉगवर (हे डायलॉग फार भारी असतात, प्रत्यक्षात कधी सुचत नाहीत). आणि मध्येच लक्षात येतं, अरे श्वास राहिला.

हे जे 'अरे' आहे ना, तेच सगळं काम आहे. मन जाणारच. ते गेलं हे कळलं, आणि स्वतःला शिव्या न घालता परत आणलं, झालं. तुम्ही म्हणता पाच मिनिटं टिकत नाही, पण मन टिकत नाही हे तुम्हाला कळतंय म्हणजे तुमचं ध्यान चालू आहे! जे म्हणतात माझं मन एकदम शांत झालं त्यातले बरेचसे डुलक्या काढत असतात.

चौथ्या दिवसापासून श्वासावरून लक्ष सगळ्या शरीरावर आणतात, आणि मग दिवसातून तीन वेळा एक एक तास न हलता बसायचं, त्याला अधिष्ठान म्हणतात. मला खरं शिकायला मिळालं ते इथे. अर्ध्या तासात गुडघा असा ठणकायला लागतो की काही विचारू नका. पण नीट बघितलं तर त्यात दोन वेगवेगळ्या गोष्टी असतात. एक म्हणजे दुखणं, ते इथे आत्ता आहे, कमी-जास्त होतं, थोडं सरकतं पण. आणि दुसरं म्हणजे 'अजून अर्धा तास असंच दुखणार, नस दबली असेल, उद्या चालता येणार नाही'. हे दुसरं गुडघ्यात नसतंच, ते डोक्यात असतं आणि जास्त त्रास तेच देतं. हे पुस्तकात वाचून मान डोलवणं वेगळं आणि मांडी घालून भोगणं वेगळं. बॉसचा मेल आला की पोटात गोळा येतो तेव्हा पण हेच असतं, गोळा आत्ताचा असतो आणि नोकरी गेल्याचा सिनेमा पुढचा.

पण यासाठी तुम्ही लगेच इगतपुरी गाठायला पाहिजे असं काही नाही. शरीर कायम आत्ताच असतं, मन कुठेही भटकू दे, म्हणून धरायला तेच बरं. लोकलमध्ये उभे असाल तर तळपायावर वजन कुठे येतंय बघा. भांडी घासताना पाण्याचा गारवा. जेवताना निदान पहिले चार घास फोन न बघता, पूर्ण जेवण नको, पहिल्या दिवशी जोशात पूर्ण ठरवलं तर तिसऱ्या दिवशी सुटतं. राग आला की आधी कान गरम होतात का छाती ते बघा, तेवढ्यात समोरच्याला उत्तर द्यायला दोन सेकंद उशीर होतो आणि बरेचदा तेवढा उशीर पुरतो. शिबिरानंतर सकाळ-संध्याकाळ एकेक तास बसायला सांगतात, बहुतेकांचं ते काही दिवसांत गळतं, माझं पण सकाळचंच राहिलंय आणि तेही तासभर नाही. पण या बारीक सवयी टिकतात.

बाकी वर्तमानात जगणं म्हणजे उद्याचा विचारच करायचा नाही असं कोणी सांगत असेल तर त्याच्याकडे दुर्लक्ष करा, त्याचं भाडं बहुतेक दुसरं कोणीतरी भरत असेल. मुलांची फी, आईबाबांचा मेडिक्लेम याचं प्लॅनिंग करायलाच पाहिजे. फक्त ते कागद-पेन घेऊन करा, संध्याकाळी वीस मिनिटं ठरवून, आणि आंघोळ करताना तोच विषय आला तर त्याला सांगा साडेसातला ये. ऐकायला येडेपणा वाटेल पण काउन्सेलरपण चिंतेसाठी अशी वेळ ठरवायला सांगतात.

एक मात्र महत्त्वाचं. मागे-पुढे पळणं म्हणजे नुसती चिंता नसून झोप उडालीये, धडधड होते, जगावंसं वाटत नाही असं काही असेल, तर दहा दिवस मौनात बसणं हा त्यावरचा उपाय नाही, उलट त्रास वाढू शकतो. शिबिराच्या फॉर्ममध्येच मानसिक आजाराबद्दल विचारतात, ते लपवू नका. आधी सायकिॲट्रिस्टला भेटा, किंवा सरकारची टेलीमानस हेल्पलाइन आहे 14416, फुकट आहे आणि मराठीत बोलता येतं.

आणि शिबिराला जायचंच असेल तर फी नसते, राहणं-जेवण सगळं आधीच्या साधकांच्या दानातून चालतं. फॉर्म ऑनलाइन भरायचा, जागा लवकर भरतात म्हणून आधीपासून बघा. नवीन लोकांना संध्याकाळी 5 ला चहा, फळं, थोडे मुरमुरे मिळतात आणि नंतर रात्रीचं जेवण नाही. पहिल्या दोन रात्री भूक लागते, मग सवय होते.