भपकेबाज खेळाडू म्हणून गाजलेला जपानचा त्सुयोशी शिंजो मॅनेजर म्हणून खरोखर यशस्वी ठरला, की तो सगळा प्रसिद्धीचा खेळ होता?

आपण विचारले आहे की चकचकीत सूट घालून, हवेत उडणाऱ्या दुचाकीवरून मैदानात येणाऱ्या माणसाच्या हाती जपानमधील निप्पॉन-हॅम फायटर्स या व्यावसायिक बेसबॉल संघाने आपली सूत्रे का दिली आणि त्यातून काही निष्पन्न झाले का. माझे उत्तर असे की निष्पन्न झाले, पण पहिली दोन वर्षे ते गुणतालिकेत दिसत नव्हते. शिंजोचा भपका आणि त्याचे क्रिकेटच्या भाषेत ज्याला आपण 'पायाभूत तंत्र' म्हणू त्याबद्दलचे कमालीचे काटेकोर धोरण या दोन गोष्टी एकाच माणसात राहू शकतात, हे मान्य केल्याशिवाय त्याच्या कारकिर्दीचा उलगडा होत नाही. मी नोकरीनिमित्त जपानमध्ये राहतो आणि पॅसिफिक लीगचे, म्हणजे जपानी बेसबॉलच्या दोन लीगपैकी फायटर्स ज्या लीगमध्ये खेळतात तिचे, सामने आवडीने पाहतो, तेवढ्या अधिकारावर हे लिहीत आहे.

प्रथम एक खुलासा आवश्यक आहे. बेसबॉलमधील मॅनेजर हा आपल्याकडील संघ व्यवस्थापकासारखा प्रवासाची व सामानाची व्यवस्था पाहणारा अधिकारी नसतो. क्रिकेटमध्ये कर्णधार, प्रशिक्षक आणि निवड समिती मिळून जे निर्णय घेतात त्यांतील बहुतेक निर्णय तो एकटा, संघाचाच गणवेश घालून, मैदानालगतच्या डगआउटमध्ये बसून घेतो. फलंदाजीचा क्रम, पिचर म्हणजे चेंडू फेकणारा खेळाडू केव्हा बदलायचा, धावपटूने बेस (धाव पूर्ण करताना गाठायचा टप्पा) चोरण्यासाठी, म्हणजे फटक्याची वाट न पाहता पुढचा बेस गाठण्यासाठी, केव्हा पळायचे, हे सर्व त्याच्या खुणेवर चालते. जपानमध्ये या पदाला मोठा मान असतो आणि त्यावरील माणसाने गंभीर व मितभाषी असावे अशी जुनी अपेक्षा आहे. त्यामुळे ४ नोव्हेंबर २०२१ रोजी साप्पोरो येथे, गडद लाल सूट आणि गळ्याभोवती भली मोठी कॉलर अशा थाटात शिंजो पत्रकारांसमोर बसला आणि 'मला मॅनेजर म्हणू नका, बिग बॉस म्हणा' असे बोलला, तेव्हा अनेक ज्येष्ठांच्या कपाळाला आठ्या पडल्या. त्याच परिषदेत त्याने विजेतेपदाचे ध्येय मुळीच ठेवणार नसल्याचेही सांगितले. रोजचा सराव नीट करू आणि सप्टेंबरपर्यंत शर्यतीत राहिलो तर मग विजेतेपदाकडे पाहू, असा त्याचा आशय होता. वृत्तपत्रांनी अर्थातच पहिला अर्धा भाग मथळ्यात घेतला.

शिंजोचा जन्म १९७२ मध्ये नागासाकी प्रांतातील त्सुशिमा बेटावर झाला आणि तो फुकुओकामध्ये वाढला. १९८९ च्या खेळाडू निवडीत हान्शिन टायगर्सने त्याला पाचव्या फेरीत घेतले, म्हणजे त्याच्याकडून कोणाच्याही फार अपेक्षा नव्हत्या. फलंदाज म्हणून तो पुढेही महान ठरला नाही. जपानमधील १,४११ सामन्यांत ०.२५४ ची सरासरी (म्हणजे हजार प्रयत्नांत २५४ यशस्वी फटके) आणि २०५ होम रन (चेंडू थेट सीमेपार धाडणारे फटके) ही आकडेवारी चांगल्या, पण सामान्य फलंदाजाची आहे. त्याची खरी किमया सेंटर फील्डमधील, म्हणजे मैदानाच्या मागच्या मधल्या भागातील, क्षेत्ररक्षणात आणि बंदुकीच्या गोळीसारख्या फेकीत होती. क्षेत्ररक्षणासाठीचा गोल्डन ग्लव्ह पुरस्कार त्याने दहा वेळा मिळवला. दात पांढरेशुभ्र करून घेणारा, महागड्या गाड्यांचा शौकीन असा हा माणूस पहिल्या पगारातून ७,५०० येनला घेतलेला ग्लव्हच दुरुस्त करून करून संपूर्ण व्यावसायिक कारकीर्दभर वापरत राहिला. ज्यांना तो केवळ नटवा वाटतो त्यांनी निदान या ग्लव्हचा विचार करावा.

त्याच्या स्वभावाची किल्ली मला १२ जून १९९९ च्या एका प्रसंगात सापडते, म्हणून तो थोडा सविस्तर सांगतो. त्या वेळी हान्शिनचे मॅनेजर काट्सुया नोमुरा होते. नोमुरा म्हणजे आकडेवारी आणि तर्क यांवर संघ चालवणारे, बेसबॉलमधील सर्वांत चिकित्सक डोके. शिंजोला ते 'परग्रहवासी' म्हणत. तरीही त्यांनी त्याला दटावण्याऐवजी चौथ्या, म्हणजे मुख्य फलंदाजाच्या, क्रमांकावर फलंदाजीला पाठवले, इतकेच नव्हे तर हंगामापूर्वीच्या सामन्यांत पिचर म्हणूनही उभे केले. नेमका चेंडू टाकणे किती अवघड असते हे कळले की फलंदाज समोरच्या पिचरकडे वेगळ्या नजरेने पाहू लागतो, असा त्यामागचा विचार होता.

तर त्या दिवशी कोशिएन मैदानावर योमिउरी जायंट्सविरुद्ध बारावा डाव चालू होता, गुण बरोबरीत होते आणि हान्शिनचे धावपटू पहिल्या व तिसऱ्या बेसवर होते. जायंट्सचा पिचर माकिहारा याने शिंजोला जाणूनबुजून फुकट पहिला बेस द्यायचे ठरवले. अशा वेळी चेंडू फलंदाजापासून बराच दूर, सावकाश फेकला जातो आणि फलंदाज बॅट खाली ठेवून नुसता उभा राहतो. शिंजोने मात्र पाऊल पुढे टाकून तो बाहेरचा चेंडू मारला, चेंडू डावीकडून क्षेत्ररक्षकांच्या मधून निसटला आणि सामना संपला. प्रेक्षकांना हा क्षणाचा लहरीपणा वाटला. प्रत्यक्षात काही दिवसांपूर्वी असाच फुकटचा बेस मिळाला असताना हा चेंडू बॅटच्या टप्प्यात येतो हे त्याने हेरले होते, त्यानंतर फलंदाजी प्रशिक्षक काशिवाबारा यांच्याबरोबर त्याचा सराव केला होता आणि त्या वेळी डगआउटकडून परवानगीही घेतली होती. काशिवाबारा यांनी स्वतः १९८१ मध्ये अशाच सोडून दिलेल्या चेंडूवर होम रन मारला होता, तेव्हा शिंजोने सल्लागारही अचूक निवडला होता.

२००० च्या हंगामानंतर हान्शिनने त्याला पाच वर्षांसाठी १२० कोटी येनचा प्रस्ताव दिल्याचे त्या वेळी गाजले होते. तो नाकारून त्याने न्यूयॉर्क मेट्सबरोबर वर्षाला २ लाख डॉलरचा, म्हणजे तेथील किमान वेतनाचा करार केला. २००१ मध्ये तो आणि इचिरो सुझुकी हे अमेरिकेच्या मेजर लीगमध्ये खेळणारे पहिले जपानी फलंदाज ठरले, आणि २००२ मध्ये सॅन फ्रान्सिस्को जायंट्सकडून वर्ल्ड सिरीजमध्ये, म्हणजे मेजर लीगच्या अंतिम मालिकेत, उतरणारा पहिला जपानी खेळाडू तोच होता. अमेरिकेतील बाकीच्या कामगिरीबद्दल फार लिहिण्यासारखे नाही.

खरा अध्याय २००४ मध्ये सुरू झाला. निप्पॉन-हॅम फायटर्स हा संघ तोपर्यंत टोकियो डोममध्ये लोकप्रिय जायंट्सच्या सावलीत, रिकाम्या खुर्च्यांसमोर खेळत असे. त्या वर्षी तो उत्तरेकडील होक्काइदो बेटावर साप्पोरोला हलला आणि शिंजो त्याच वर्षी त्यात सामील झाला. साप्पोरो डोम प्रेक्षकांनी भरायचा आणि संघाला जपानचा विजेता करायचे, अशी दोन उद्दिष्टे त्याने जाहीर केली. मग सरावात मुखवटे घालणे, डोमच्या छतावरून खाली उतरणे, मोटारसायकलवरून मैदानात येणे असे प्रकार सुरू झाले. २००४ च्या सप्टेंबरमध्ये जपानी खेळाडूंनी इतिहासातील पहिला संप केला आणि तो संपल्यानंतरच्या पहिल्याच सामन्यात शिंजोने अखेरच्या डावात, तिन्ही बेसवर धावपटू असताना, निर्णायक होम रन मारला. आनंदाच्या भरात पुढच्या धावपटूला मिठी मारताना त्याने त्याला ओलांडले, नियमानुसार तो बाद ठरला, चारऐवजी एकच धाव मोजली गेली आणि होम रनची नोंद साध्या एका बेसच्या फटक्यात झाली. संघ १३-१२ असा जिंकला, हे महत्त्वाचे.

२००६ मध्ये हंगाम जेमतेम सुरू झाला असताना, एप्रिलमध्येच, त्याने वर्षअखेर निवृत्त होण्याची घोषणा केली. त्याच वर्षी फायटर्सने ४४ वर्षांनंतर जपान सिरीज, म्हणजे जपानच्या विजेतेपदाची अंतिम मालिका, जिंकली आणि तीही भरलेल्या साप्पोरो डोममध्ये. डावीकडे हिचोरी मोरिमोतो, मध्ये शिंजो, उजवीकडे आत्सुनोरी इनाबा, या तिघांनाही त्या वर्षी गोल्डन ग्लव्ह मिळाला. ही नावे लक्षात ठेवावीत, कारण पुढे शिंजो मॅनेजर झाला तेव्हा इनाबा संघाचा जनरल मॅनेजर, म्हणजे संघबांधणी पाहणारा अधिकारी, झाला आणि २०२३ पासून मोरिमोतो प्रशिक्षक म्हणून आला. शिंजोची निवड म्हणजे जाहिरात विभागाची कल्पना होती असे मानणारे लोक हा धागा विसरतात.

मधली पंधरा वर्षे विचित्र होती. तो इंडोनेशियातील बाली बेटावर जाऊन राहिला. आयुष्यभराची कमाई ज्याच्यावर विश्वासाने सोपवली त्याने ती संपवली, हे त्याने स्वतःच पुढे दूरचित्रवाणीवर सांगितले. डिसेंबर २०२० मध्ये, ४८ व्या वर्षी, त्याने संघांनी सोडून दिलेल्या खेळाडूंसाठीच्या चाचणीत भाग घेतला आणि एक चांगला फटकाही मारला, पण एकाही संघाने त्याला बोलावले नाही. वर्षभराच्या आत तो मॅनेजर झाला होता.

त्याच्या हाती आलेला संघ मात्र खिळखिळा होता. हिदेकी कुरियामा यांची दहा वर्षांची कारकीर्द संपली होती, संघ पाचव्या स्थानावर होता आणि काही अनुभवी खेळाडूंना संघाने त्याच सुमारास मुक्त केले होते. २०२२ मध्ये शिंजोने आपले नोंदणीकृत नावच 'बिग बॉस' असे करून घेतले, घरच्या पहिल्या सामन्यापूर्वी तो उडत्या दुचाकीवर बसून आला आणि हंगामाच्या पहिल्या सामन्यात त्याने आठव्या फेरीत निवडलेल्या किटायामा या नवख्या पिचरला सुरुवात करायला लावली. फलंदाजीचा क्रम जवळजवळ रोज बदलत असे. संघ ५९ विजय आणि ८१ पराभवांसह शेवटचा आला. तेव्हा झालेली टीका मला सर्वस्वी अन्यायाची वाटत नाही. काही निर्णय प्रयोगासाठी प्रयोग असेच होते आणि खेळाडूंच्या उणिवा पत्रकारांसमोर बोलून दाखवण्याची त्याची सवय मला आजही खटकते.

परंतु त्या वर्षी तो काय पाहत होता हे सरावात दिसत होते. ओकिनावातील पहिल्याच शिबिरात तो मोटारीच्या टपावर चढून हातात बॅट आडवी धरून उभा राहिला आणि दूरवरून होणारी फेक या उंचीखालूनच गेली पाहिजे असे आउटफिल्डच्या खेळाडूंना सांगू लागला. छायाचित्रात ही गंमत दिसते, पण उंच फेकीमुळे धावपटूला मिळणारा जास्तीचा बेस रोखण्याचा तो सर्वांत साधा उपाय होता. कोतारो कियोमिया हा शालेय वयापासून गाजलेला, सात संघांनी मागितलेला फलंदाज होता, पण त्याची प्रगती थांबली होती. शिंजोने त्याला वजन कमी करायला सांगितले. वजन घटल्यास चेंडू लांब जाणार नाही अशी भीती त्याने व्यक्त केली, तेव्हा तो आताही लांब जात नाही, असे उत्तर त्याला मिळाले. कियोमियाने सुमारे नऊ किलो वजन उतरवले आणि २०२२ मध्ये तोपर्यंतचे त्याचे सर्वाधिक, १८ होम रन मारले. त्याच वर्षी गो मात्सुमोतो ०.३४७ च्या सरासरीने लीगमधील सर्वोत्तम फलंदाज ठरला.

२०२३ मध्ये संघ साप्पोरोजवळच्या किताहिरोशिमा येथील एस्कॉन फील्ड या स्वतःच्या नव्या मैदानावर गेला. शिंजोने 'बिग बॉस' हे नाव उतरवून पुन्हा आपले खरे नाव लावले. निकाल मात्र तोच राहिला: जुलैमध्ये सलग १३ पराभव आणि ६० विजयांसह पुन्हा तळ. दुसऱ्या कोणाची यानंतर उचलबांगडी झाली असती. येथे त्याच्या भपक्याचा खरा उपयोग झाला, असे माझे मत आहे. हरल्यानंतरचे सगळे कॅमेरे त्याच्याकडे वळत असल्याने चुसेई मान्नामीसारखे तरुण खेळाडू चुका करत करत, फार बोभाटा न होता, शिकू शकले. मान्नामीने त्या वर्षी २५ होम रन मारले आणि लीगमधील अव्वल स्थान केवळ एका होम रनने हुकवले.

२०२४ मध्ये ७५ विजयांसह संघ थेट दुसऱ्या स्थानावर आला. या यशात नावाजलेल्यांपेक्षा इतरांनी बाजूला ठेवलेल्यांचा वाटा मोठा होता, आणि मला शिंजोची पारख तेथे सर्वाधिक जाणवते. शुन मिझुतानी हा सॉफ्टबँक संघात संधी न मिळालेला खेळाडू अन्य संघांतील राखीव खेळाडूंच्या निवडीतून आला आणि दोन लीगमधील परस्पर सामन्यांत ०.४३८ या विक्रमी सरासरीने सर्वोत्कृष्ट ठरला. चुनिची संघाकडून आलेल्या युया गुंजी या कॅचरला (यष्टिरक्षकासारख्या खेळाडूला) तिसऱ्या बेसवर उभे करून नियमित खेळाडू बनवण्यात आले. त्याच परस्पर सामन्यांत, पिचरला फलंदाजी करावी लागते अशा मैदानावर, शिंजोने साचिया यामासाकी या पिचरला नवव्याऐवजी सहाव्या क्रमांकावर पाठवले. हाही पोरखेळ वाटला असेल, पण यामासाकीची फलंदाजी चांगली आहे हे सर्वांना ठाऊक होते. 

२०२५ मध्ये ८३ विजय मिळूनही सॉफ्टबँकच्या मागे दुसरे स्थानच आले. नंतरच्या बाद फेरीत सॉफ्टबँकला नियमानुसार एका विजयाची आघाडी होती. पहिले दोन सामने हरल्यावर फायटर्सने सलग तीन जिंकून बरोबरी साधली आणि अखेरचा सामना गमावला. शिंजो पाचव्या हंगामासाठीही पदावर कायम राहिला आहे. म्हणजे आजच्या तारखेला त्याच्या नावावर मॅनेजर म्हणून एकही विजेतेपद नाही, आणि आपण केवळ करंडक मोजणार असाल तर त्याला यशस्वी म्हणता येणार नाही. मी मात्र सलग दोनदा तळाला गेलेला संघ त्याच तरुण खेळाडूंना बरोबर घेऊन, मोठी खरेदी हा मुख्य आधार न मानता, सलग दोन वर्षे दुसऱ्या स्थानावर आणणाऱ्याला यशस्वी मानतो. बाकी त्याच्या कॉलरची उंची कमी असती तरी चालले असते.