तळं गावाचं, पण बिल्डरशी तुमचा दावा आधीच चालू आहे

ताई, तुमचा मेल दोनदा वाचला. गावतळ्यात बिल्डर मुरमाचा भराव टाकतोय, आणि त्याच बिल्डरवर तुम्ही बांधाच्या हद्दीवरून दिवाणी कोर्टात दावा लावलाय. आता कुणीतरी सांगितलं की दाव्याचं बोलूच नका, पीआयएल, म्हणजे जनहित याचिका, भाच्याच्या नावाने टाका. कृपा करून असं करू नका.

पीआयएलला स्वतःचं नुकसान झालेलंच असावं लागत नाही, १९८१ च्या एस. पी. गुप्ता केसपासून हे पक्कं आहे. पण कोर्ट हेतू मात्र बघतंच. सुभाष कुमार विरुद्ध बिहार सरकार, १९९१, ही केस तुम्हाला सांगायलाच हवी. बोकारो नदीत कोळसा धुतलेला गाळ सोडतात अशी तक्रार होती, आणि सुप्रीम कोर्टाने त्यातच स्वच्छ पाणी हा जगण्याच्या हक्काचा भाग आहे असं म्हटलं, तरीही याचिका फेटाळली, वर ५,००० रुपये खर्च लावला, कारण अर्जदार कंपनीकडून तोच गाळ विकत घ्यायचा, त्याला जास्त हवा होता आणि कंपनी देत नव्हती. नदीचा प्रश्न खरा असूनही त्याच्या हातून तो गेला. तुमच्या तळ्याचं असं व्हायला नको, म्हणून एवढं सांगतोय.

मुंबई हायकोर्टाचे पीआयएलचे २०१० चे नियम आहेत, त्यात स्वतःचा काही संबंध असेल तर तो उघड सांगावा लागतो. आणि बिल्डरचा वकील पहिल्याच तारखेला तुमच्या दाव्याची कॉपी पुढे करणार, भाचा कोणाचा हेही सांगणार, मग तळ्यावर कोण बोलणार?

मुळात तुम्हाला पीआयएल लागतेच कशाला? भरावामुळे तुमच्या विहिरीचं पाणी आटलंय असं तुम्हीच लिहिलंय, म्हणजे तुम्ही स्वतः बाधित आहात. पुण्याच्या एनजीटीत, म्हणजे राष्ट्रीय हरित लवादात, स्वतःच्या नावाने अर्ज करा, दाव्याचा नंबर पहिल्याच पानावर लिहा, आणि हद्दीबद्दल तिथे एक शब्द मागू नका, फक्त भराव काढा आणि तळं पूर्ववत करा एवढंच. ज्यांच्या विहिरी आटल्यात आणि ज्यांचं बिल्डरशी काही देणंघेणं नाही अशा शेजाऱ्यांनी मनापासून सोबत सही केली तर फारच चांगलं. बाजू भक्कम आहे, २०११ मध्ये जगपाल सिंग केसमध्ये पतियाळाकडच्या गावतळ्यावरचं अतिक्रमण सुप्रीम कोर्टाने अजिबात चालवून घेतलं नव्हतं.

तहसीलदारांना दिलेल्या निवेदनाची पोच, तळ्याच्या गट नंबरचा सातबारा, तारखेसकट फोटो, सगळं जमवा. आणि पहिला डंपर कधी आला ते आज रात्रीच नीट आठवून लिहून ठेवा, कारण एनजीटीत कलम १४ खाली सहा महिन्यांची मुदत असते, कारण पटलं तर फार तर ६० दिवस वाढवून मिळतात. तुमच्या मेलवरून मला वाटतंय चार महिने तर होऊनच गेलेत.