लायेला जाताय? मग दुपारीच पोचा

हवाईतल्या ओआहू बेटावर, लाये गावात असलेलं पॉलिनेशियन कल्चरल सेंटर (पॅसिफिकमधल्या बेटांची गावं उभी करून तिथलं जगणं दाखवणारी जागा) 'संध्याकाळचा शो' म्हणून बघायला जाऊ नका. पहिल्या खेपेस मी चार वाजता पोचलो आणि निम्मी गावं राहूनच गेली. होनोलुलूच्या वायकीकीपासून, म्हणजे पर्यटक उतरतात त्या किनाऱ्यापासून, लाये तासाभराहून जास्त लांब. दारं उघडतात तेव्हाच आत शिरा, आणि रविवार तर विसराच, बंद असतं.

४२ एकरांत सामोआ, टोंगा, ताहिती, फिजी, हवाई आणि आओतेआरोआ म्हणजे माओरींचं न्यूझीलंड, अशी सहा गावं आहेत. (फिजी खरं तर पॉलिनेशियात नव्हे, शेजारच्या मेलानेशिया या बेटसमूहात मोडतं, पण असो.) मी सुरुवात सामोआपासून करीन. तिथला गडी जमिनीत रोवलेल्या टोकदार दांड्यावर नारळ सोलतो, अगदी आपल्याकडे पहारीवर सोलतात तसाच. मग दगडाचा एकच ठोका, नारळाची दोन शकलं. पुढे खोबरं खवून तो कीस सोडणांच्या काथ्यात घालून पिळतो आणि दूध काढतो. कोकणातला माणूस तिथून हलत नाही.

नाचगाणी करणारे बरेचजण शेजारच्या विद्यापीठातले विद्यार्थी. त्यांना गावाबद्दल विचारा, मनापासून बोलतात.

शाकाहारी असाल तर लुआऊचं, म्हणजे हवाईच्या पारंपरिक मेजवानीचं, तिकीट काढण्याआधीच जेवणाची चौकशी करा. तिथला मान जमिनीतल्या भट्टीत भाजलेल्या डुकराचा. पोई मात्र चाखाच. अळूच्या कंदाची जांभळट लापशी, बेचव वाटेल, खारट घासाबरोबर खा. मद्य मिळत नाही, संस्था मॉर्मन चर्चची आहे आणि या ख्रिस्ती पंथात दारू वर्ज्य. आणि पातळ रेनकोट बरोबर असू द्या, त्या बाजूला सर कधीही येते.