दम लागतो की धाप लागते?

गरोदर बायकांसाठी माहितीपत्रक लिहिणाऱ्या एका वाचक मैत्रिणीने विचारलं आहे: श्वास पुरत नाही असं वाटतं, त्याला ‘दम लागणे’ लिहू की ‘धाप लागणे’? पत्रक तपासणाऱ्यांनी दोन्ही खोडून ‘श्वसनास अडथळा’ केलंय. शिवाय ‘हार्मोन’ऐवजी ‘संप्रेरक’ चालेल का?

‘दम लागणे’च लिहा. ‘अडथळा’ तर मुळीच नको, कारण इथे अडथळा कुठेच नसतो.

धाप दिसते, दम जाणवतो. बस पकडायला धावलेला माणूस धापा टाकतो: खांदे वरखाली, तोंड उघडं, वाक्य तुटत तुटत बाहेर येतं. दम ज्याला लागतो त्यालाच आधी कळतो. म्हणून दवाखान्यात आपण ‘डॉक्टर, दम लागतो’ असं सांगतो. ही सीमा काही पक्की नाही, ‘मला धाप लागली’ हेही सर्रास बोलतात, पण ते बहुधा जिना चढून झाल्यावर.

माझी बहीण सातव्या महिन्यात माहेरी आली होती. खिडकीशी बसून मटार सोलताना म्हणाली, “आई, दम लागतोय गं.” आई तिच्याकडे बघतच राहिली. श्वास संथ, तोंड मिटलेलं. “धाप तर दिसत नाही,” आई म्हणाली. दोघींचंही खरं होतं. गरोदरपणात प्रोजेस्टेरॉन हे हार्मोन वाढतं आणि मेंदूतलं श्वसनकेंद्र कार्बन डायऑक्साइडच्या बाबतीत जास्त हळवं होतं. रक्तात या वायूचा दाब एरवी पाऱ्याच्या ४० मिलिमीटरांच्या आसपास असतो, तो आता ३० च्या जवळ येतो. श्वासांची संख्या फारशी वाढत नाही, एकेक श्वास मात्र मोठा होतो. म्हणजे हवा उलट जास्तच आतबाहेर होत असते, तरी आतून ती अपुरी वाटते. पोट मोठं व्हायच्या आधी, पहिल्या तिमाहीतही काहींना हे जाणवतं.

याच्या उलटही घडतं, आणि तिथे शब्दाची चूक महागात पडू शकते. मधुमेहात इन्सुलिन फारच कमी पडलं की शरीरात कीटोन नावाची आम्लं साचतात, रक्त आम्लधर्मी होतं आणि ते आम्ल कमी करायला शरीर खोल, जोरकस श्वास घेऊ लागतं. जर्मन डॉक्टर आडोल्फ कुसमाउल यांनी १८७४ मध्ये या श्वासाचं वर्णन केलं. घरच्यांना धाप दिसते, ते दमा समजून छातीचं औषध शोधतात. दोष फुप्फुसात नसतोच.

‘दम’ फारसीतून आला, तिथेही अर्थ श्वास. ‘दमा’ त्याच घरातला. ‘एकदम’ म्हणजे मुळात एका श्वासात. ‘शमदम’ मधला संस्कृत ‘दम’ वेगळा, तो निग्रहाचा.

आता ‘संप्रेरक’. खुशाल वापरा. अर्न्स्ट स्टार्लिंग यांनी १९०५ मध्ये लंडनच्या व्याख्यानांत ‘हार्मोन’ शब्द मांडला, तो चालना देणे या अर्थाच्या ग्रीक क्रियापदावरून. आपल्या ‘संप्रेरक’मध्ये तीच ‘प्रेरणा’ आहे. मला हा शब्द फार आवडतो, कारण तो अवयवाचं किंवा द्रवाचं नाव न सांगता काम सांगतो. फक्त पहिल्यांदा येईल तिथे ‘संप्रेरक म्हणजे हार्मोन’ एवढं लिहा. दवाखान्यात बाईच्या कानावर पडणारा शब्द ‘हार्मोन’च असतो.

पत्रकात मी असं लिहीन: “गरोदरपणात संप्रेरकांमुळे (संप्रेरक म्हणजे हार्मोन) थोडा दम लागणं नेहमीचं आहे. पण दम अचानक वाढला, आडवं पडवत नसेल, छातीत दुखत असेल किंवा ओठ निळे दिसत असतील, तर लगेच दवाखान्यात या.”