'थार घेतला' की 'थार घेतली'?

प्रश्न ठाण्याच्या वर्तकनगरमधून आला आहे. सोसायटीच्या फलकावर पुढील नोटीस लागली: 'बी विंगसमोर उभा असलेला थार, गेटजवळच्या दोन इनोवा व छोटा हत्तीने रस्ता अडवला आहे.' गाड्या हलल्या, पण वाक्यावरचा वाद तसाच राहिला. थार 'तो' की 'ती'? 'छोटा हत्तीने' की 'छोट्या हत्तीने'? शिवाय गाड्यांची ही नावं ठरतात कशी, आणि एवढी नावं 'ओ' किंवा 'आ'नेच का संपतात?

आधी थार. ती 'ती'च. 'थार घेतली', 'समोर लावलेली थार'. मोटारीच्या नावामागे 'गाडी' हा शब्द न उच्चारता उभा असतो आणि नाव त्याचं लिंग घेतं. मूळ शब्दाचं लिंग काहीही असो, तो गाडीवर चिकटला की स्त्रीलिंगी होतो. मारुतीचं उदाहरण सगळ्यांत चांगलं. 'मारुतीच्या देवळापाशी मारुती लावली' या वाक्यात पहिला मारुती पुल्लिंगी आणि दुसरी स्त्रीलिंगी, तरी ऐकणाऱ्याचा गोंधळ होत नाही. 'तो सुमो' म्हटलं की जपानी पैलवान, 'ती सुमो' म्हटलं की गाडी. 'पोलो खेळला' आणि 'पोलो विकली' यांतही लिंगावरूनच अर्थ कळतो. 'सफारी'ची तर तीन रूपं आहेत: अंगावर घालायचा 'तो सफारी', जंगलातली 'ती सफारी' आणि १९९८ साली आलेली गाडी, तीही 'ती'. हा शब्द अरबी 'सफर'वरून स्वाहिलीत आणि तिथून इंग्रजीत गेला. आपला 'सफर' त्याच अरबी शब्दावरून फारसीमार्गे आला. म्हणजे सफारीतून सफर करणारा माणूस एकच शब्द दोनदा वापरतो.

मग 'तो थार' हे कुठून आलं असावं? मराठीत आकार आणि लिंग यांचं जुनं नातं आहे: गाडा-गाडी, दोर-दोरी, लोटा-लोटी. मोठं ते पुल्लिंगी. ट्रक, टेम्पो, डंपर, ट्रॅक्टर, कंटेनर हे सगळे 'तो' आहेत. थार उंच, रुंद आणि दणकट, त्यामुळे जीभ 'तो'कडे वळते. पण आकारावर सगळं ठरत असतं तर टीएमटीची बस 'तो' झाली असती. बस 'ती'च आहे आणि जीपही 'ती'च. थारच्या चुलत घराण्यात जीप बसते, तेव्हा तिलाही 'ती'च म्हणावं.

आता विभक्ती. इथे मराठी एक सूक्ष्म भेद करते. 'धार'चं 'धारेने' होतं, 'तलवार'चं 'तलवारीने', 'मोटार'चं 'मोटारीने'. पण 'थार'चं 'थारेने' किंवा 'थारीने' होत नाही, 'थारने'च होतं. विशेषनाम आपण सामान्यनामापेक्षा जपून हाताळतो. मुलींच्या नावांत हे नीट दिसतं. जुन्या पिढीची गंगा 'गंगेला' होते, सीता 'सीतेने' होते, पण नेहा 'नेहाला'च राहते आणि स्नेहा 'स्नेहाने'च राहते. गाड्या नेहाच्या पिढीच्या आहेत. म्हणून 'इनोव्हाने आले', 'क्रेटात बसले', 'व्हर्नाला धक्का लागला'. 'इनोव्हेने' कुणी म्हणत नाही. अपवाद 'इंडिके'चा: 'इंडिकेत' हे रूप कानाला फारसं खटकत नाही, कारण 'अमेरिकेत', 'आफ्रिकेत' यांनी कान तयार केलेला आहे. 'रिक्षेत' आणि 'रिक्षात' ही दोन्ही रूपं ठाणे स्टेशनच्या शेअर रिक्षाच्या रांगेत ऐकू येतात आणि दोन्ही बरोबर आहेत. जाता जाता, 'रिक्षा'तल्या 'क्ष'मुळे तो संस्कृत वाटतो, पण तो जपानी 'जिनरिकिशा'चा उरलेला तुकडा आहे. जिन म्हणजे माणूस, रिकि म्हणजे बळ, शा म्हणजे गाडी. माणूस गळाला, बळ आणि गाडी राहिली.

ओकारान्त नावांना काहीच करावं लागत नाही. मराठीत ओकारान्त स्त्रीलिंगी शब्द थोडे, रोजच्या वापरातला मुख्य म्हणजे 'बायको'. 'बायकोला' तसंच 'सुमोला', 'बोलेरोला', 'स्कॉर्पिओला'. फरक फक्त अनेकवचनात. बायकोच्या 'बायका' होतात, सुमोच्या 'सुमा' होत नाहीत. 'दोन सुमो उभ्या आहेत', 'सुमोंनी रस्ता अडवला'. आकारान्तांचंही तसंच: 'दोन इनोव्हा', 'इनोव्हांनी'. व्यंजनान्त नावं अनेकवचनात अवघडतात. 'दोन थारनी' बोलण्यात चालतं, लिहिताना तोकडं वाटतं. तिथे सरळ 'दोन थार गाड्यांनी' लिहावं.

'छोटा हत्तीने' मात्र चूक. टाटांची एस ही छोटी मालगाडी २००५ मध्ये आली. वाशीच्या एपीएमसी मार्केटात भाजी-फळांचे क्रेट चढवताना तिला कुणी 'एस' म्हणत नाही, तिथे 'छोटा हत्ती'च. हे दोन्ही शब्द मराठीत जिवंत असल्यामुळे त्यांना मराठीचे नियम पुरेपूर लागतात, अगदी विशेषणालाही: 'छोट्या हत्तीने', 'छोट्या हत्तीत'. इथे लिंगही पुल्लिंगी राहतं, कारण नावात 'हत्ती' उघड उभा आहे आणि न उच्चारलेल्या 'गाडी'ला जागा उरत नाही. 'टेम्पो'चा प्रवास उलट दिशेचा. ते हॅम्बुर्गच्या एका कंपनीचं व्यापारी नाव. १९५८ पासून बजाज टेम्पोमुळे ते इथल्या रस्त्यांवर आलं आणि पुढे कुठल्याही कंपनीच्या लहान मालगाडीचं सामान्यनाम झालं. आज 'टाटाचा टेम्पो' म्हणताना कुणालाही विसंगती जाणवत नाही.

लोक कंपनीच्या नावाला नेहमीच जुमानतात असंही नाही. कुर्ल्याच्या कारखान्यातली फियाट १९७४ पासून 'प्रीमियर पद्मिनी' झाली, तरी मुंबई-ठाण्याच्या बोलण्यात ती पुष्कळ वर्षं 'फियाट'च राहिली. ३० ऑक्टोबर २०२३ पासून ती काळी-पिवळी टॅक्सी म्हणून मुंबईच्या रस्त्यावरून नाहीशी झाली, तेव्हा बातम्यांमुळे 'पद्मिनी' हे नाव नव्या पिढीच्या कानावर पुन्हा पडलं.

आता नावं ठरतात कशी ते. गाडीचा आराखडा सुरू होतो तेव्हा तिला नाव नसतं, सांकेतिक क्रमांक असतो. नाव बाजारात येण्याच्या बेताला ठरतं. आधी भरपूर शब्दांची यादी होते. मग ज्या देशांत गाडी विकायची तिथल्या भाषांत त्या शब्दाचा वाईट अर्थ होत नाही ना, हे पाहतात. मित्सुबिशीची पजेरो स्पॅनिश बोलणाऱ्या देशांत 'मोंटेरो' म्हणून विकली गेली, कारण तिथे मूळ नाव शिवी आहे. ह्युंदाईची कोना पोर्तुगालमध्ये 'कावाई' झाली, कारण तेच. याच ओघात शेवरले नोव्हाची गोष्ट सांगितली जाते: स्पॅनिशमध्ये 'नो व्हा' म्हणजे 'चालत नाही', म्हणून ती तिकडे खपली नाही. ही गोष्ट खोटी आहे. नोव्हा मेक्सिको आणि व्हेनेझुएलात व्यवस्थित विकली गेली. स्पॅनिशमध्ये 'नोव्हा' एका आघाताचा एक शब्द आहे आणि 'नो व्हा' दोन शब्द आहेत, ऐकणारा ते मिसळत नाही. 'नवरी' आणि 'न वरी' आपण मिसळतो का?

त्यानंतर कायदा. व्यापारचिन्हांच्या (ट्रेडमार्कच्या) वर्गवारीत वाहनं १२व्या वर्गात येतात. त्या वर्गात तसंच किंवा तसं ऐकू येणारं नाव आधी कुणाचं आहे का, हे शोधतात. १९९९च्या व्यापारचिन्ह कायद्याचं कलम ९ मालाचा गुण नुसता सांगणाऱ्या शब्दाला अडवतं आणि कलम ११ आधीच्या नावाशी घोळ होईल अशा नावाला. उच्चारही पाहतात, त्यामुळे नुसतं स्पेलिंग वाकडं करून सुटका होत नाही. अर्ज व्यापारचिन्हांच्या सरकारी पत्रिकेत छापून आल्यावर चार महिने कुणालाही हरकत घेता येते. नोंद दहा वर्षांची असते आणि पुढे तिचं नूतनीकरण करता येतं. 'वेगवान' किंवा 'मजबूत' या नावाची मोटार दिसत नाही याचं मोठं कारण हे कलम ९. म्हणून कंपन्या दूरच्या भाषेतून शब्द आणतात किंवा दोन शब्द कापून जोडतात.

एवढं करूनही नाव फसतं. टाटांनी 'झिपी कार'वरून 'झिका' हे नाव जाहीर केलं आणि २०१६च्या सुरुवातीला झिका विषाणूची साथ जगभर बातम्यांत आली. बाजारात येण्याआधीच ती 'टियागो' झाली. महिंद्राने २०२४च्या अखेरीस 'बीई ६ई' आणली. 'सिक्स ई' ही इंडिगो विमानकंपनीची ओळख, म्हणून प्रकरण दिल्ली उच्च न्यायालयात गेलं. वर्ग वेगळा असला तरी वाद उभा राहू शकतो, हे यातून दिसलं. गाडीचं नाव मग 'बीई ६' केलं गेलं. 'इंडिगो' नावाची टाटांची मोटार तर विमानकंपनीच्याही आधीची होती.

'ओ' आणि 'आ'चं उत्तर यातच आहे. लॅटिनमधून निघालेल्या इटालियन, स्पॅनिश भाषांतले शब्द बहुतांशी स्वरान्त असतात आणि ते कुठेही सहज उच्चारता येतात. जपानीत तर 'न' सोडला तर शब्द व्यंजनावर संपतच नाही. लॅटिनचा आणखी एक फायदा आपल्याला आहे, तो फारसा कुणी बोलून दाखवत नाही: ती संस्कृतची नातलग आहे. 'इग्निस' म्हणजे 'अग्नी', अर्थही तोच आणि मूळही तेच. 'व्हेंटो' म्हणजे वारा, त्याचं नातं 'वात'शी. इनोव्हा हे नाव 'इनोव्हेशन'वरून आलं आणि त्यातला 'नोव्ह' म्हणजे आपला 'नव'. नवी इनोव्हा दारात आली की 'नव' दोनदा येतो. 'बलेनो' हा इटालियनमध्ये विजेचा लखलखाट. 'इंडिका' म्हणजे भारतातली, आंब्याच्या शास्त्रीय नावात, 'मँजिफेरा इंडिका'त, आहे तीच. 'एर्टिगा' थोडी निराळी: 'आर' अधिक इंडोनेशियातला 'तिगा', म्हणजे तीन. आसनांच्या तीन रांगा, म्हणून 'आर-तीन'.

काही कंपन्या एकच धागा पिढ्यान्‌पिढ्या चालवतात. टोयोटाचा धागा मुकुटाचा. 'क्राउन' आणि 'कोरोना' म्हणजे मुकुट, 'कोरोला' म्हणजे फुलांचा लहान मुकुट (वनस्पतिशास्त्रातला दलपुंज) आणि 'कॅमरी' ही जपानी 'कानमुरी'वरून, तोही मुकुटच. स्कोडाच्या उंच गाड्यांची नावं 'क'ने सुरू होऊन इंग्रजी 'क्यू'ने संपतात. त्यांतलं 'कायलॅक' स्फटिकाच्या संस्कृत शब्दावरून घेतल्याचं कंपनी सांगते. संस्कृतात 'केलास' म्हणजे स्फटिक, 'कैलास' हे नाव त्यावरूनच.

या साऱ्यांत मराठी माणसाला सर्वांत जवळचं नाव सुमो. १९९४ साली ती आली तेव्हा पैलवान डोळ्यांपुढे उभा राहिला आणि आजही पुष्कळांना तोच उगम वाटतो. पण टेल्को (आजची टाटा मोटर्स) उभी करणाऱ्या सुमंत मूळगावकरांच्या नावातला 'सु' आणि आडनावातला 'मो' जोडून ते नाव झालं. आडनावातला 'मू' 'मो' कसा झाला? इंग्रजी स्पेलिंगमध्ये 'मू'साठी 'एम' आणि दोन 'ओ' येतात, त्यातला एक 'ओ' राहिला. मूळगावकर १९८९ मध्ये गेले. त्यांचं नाव पाच वर्षांनी रस्त्यावर आलं आणि ते कुणाचं आहे हे फार थोड्यांना ठाऊक होतं.

लेखनाबद्दल एवढंच. मराठीत इंग्रजी 'व्ही'साठी 'व्ह' आणि 'डब्ल्यू'साठी 'व' लिहायची रीत आहे: इनोव्हा, व्हेन्यू, पण वॅगनआर. नोटिशीतलं 'इनोवा' हे हिंदी वळण. हिंदी पाट्यांवरच्या 'वरना'चा तर तिथे 'नाहीतर' असाच अर्थ होतो, मराठी 'व्हर्ना' त्यातून वाचते. 'झेड'साठी नुक्ता नको. 'झाडा'तला 'झ' आपल्याकडे आहे, तेव्हा 'ब्रेझा'.

नोटिशीत तिन्ही वाहनं एकत्र घेऊन शेवटी 'यांनी' लिहिलं, तर सामान्यरूपाचा प्रश्नच उरत नाही: 'बी विंगसमोर लावलेली थार, गेटजवळच्या दोन इनोव्हा आणि एक छोटा हत्ती यांनी रस्ता अडवला आहे.'