स्नेहसंमेलनाचा अल्बम आणि लेकीचा नकार

प्रश्न : बाई, माझी मुलगी नववीत आहे. तिची शाळा दरवर्षी स्नेहसंमेलनाचे फोटो ऑनलाइन अल्बममध्ये टाकते. पहिलीपासूनचे सगळे आहेत, खाली नाव आणि तुकडीसकट. लिंक ज्याच्याकडं असेल त्याला ते दिसतात, आणि लिंक सगळ्या ग्रुपवर फिरते. चौथीत तिनं लावणी केली होती. नऊवारीतला तो फोटो उचलून वर्गातल्या पोरांनी स्टिकर केलाय. ती म्हणते, माझे सगळे फोटो काढायला लावा. शाळा म्हणते, प्रवेशाच्या वेळी तुम्हीच सही केलीय. जाऊबाई म्हणतात, इतका गोड फोटो, त्यात वाईट काय? मी काय करू?
— एक आई, राजारामपुरी, कोल्हापूर

उत्तर : लेकीच्या बाजूनं उभ्या राहा. फोटो गोड आहे का, हे जाऊबाईंनी ठरवायचं नाही आणि मीही नाही. चेहरा तिचा आहे, ती नको म्हणतेय, तेवढं पुरेसं आहे.

सहीचं म्हणाल, तर मी मुख्याध्यापिका होते, ती कशी घेतली जाते ते मला पक्कं ठाऊक आहे. जूनची गर्दी, फीची पावती, गणवेशाचं माप, आणि त्याच गठ्ठ्यात एक छापील ओळ : ‘शालेय उपक्रमांत छायाचित्र वापरण्यास हरकत नाही.’ पहिलीच्या प्रवेशाला दिलेल्या त्या सहीवर नववीतल्या मुलीचे फोटो नावासकट जगापुढं ठेवणं मला अजिबात पटत नाही. डिजिटल वैयक्तिक डेटा संरक्षण कायदा, २०२३ मध्ये १८ वर्षांखालच्या मुलांच्या माहितीसाठी पालकांची पडताळून घेतलेली संमती लागते, आणि संमती देणं जितकं सोपं तितकंच ती मागं घेणंही सोपं असलं पाहिजे, असं म्हटलंय. त्याच्या तरतुदी टप्प्याटप्प्यानं लागू होत आहेत, पण शाळेला पत्र लिहायला तुम्हाला त्याची वाट बघायची गरज नाही. खासगीपणा हा मूलभूत हक्क असल्याचं सर्वोच्च न्यायालयाच्या ९ न्यायाधीशांनी २४ ऑगस्ट २०१७ ला एकमतानं सांगितलंय. तो हक्क वयाच्या अठराव्या वर्षी मिळत नाही, जन्मापासून असतो.

शाळा कदाचित म्हणेल, लिंक फक्त आपल्याच लोकांकडं आहे. मग त्यांना हे सांगा. ह्यूमन राइट्स वॉच या संस्थेनं जुलै २०२४ मध्ये दाखवून दिलं, की एआयला शिकवण्यासाठी वापरल्या जाणाऱ्या लायन-५बी या, इंटरनेटवरून गोळा केलेल्या प्रचंड संग्रहात ऑस्ट्रेलियातल्या मुलांच्या फोटोंच्या लिंक शिरल्या होत्या. त्यांनी संग्रहाचा अगदी बारीकसा तुकडा तपासला, त्यातच १९० सापडले. एका फोटोत ३ आणि ४ वर्षांची दोन पोरं रंगाचे ब्रश धरून हसतायत, आणि मजकुरात त्यांची पूर्ण नावं, वयं आणि पर्थमधल्या बालवाडीचं नाव. तुमच्या शाळेच्या अल्बममध्ये याहून वेगळं काय आहे? आपल्याकडं चौकातला वाढदिवसाचा फ्लेक्स कधी ना कधी उतरवतात तरी. हा अल्बम उतरवायला कुणीतरी मागं लागल्याशिवाय उतरत नाही.

म्हणून एकच फोटो काढायची मागणी करू नका. तेवढ्यानं शाळा विषय मिटवेल. पत्रात लिहा : लिंकवरून कुणालाही उघडणारी सोय बंद करा, नावं आणि तुकड्या पुसा, मागच्या वर्षांचे अल्बम उतरवा, आणि पुढं ज्या-त्या वर्गाच्या पालकांनाच त्यांच्या ईमेल खात्यातून दिसेल असं करा. हे काम संगणकाच्या सरांचं एका दुपारचं आहे. गुगलच्या शोधात फोटो येत असेल, तर १८ वर्षांखालच्या मुलांचा फोटो शोधनिकालातून हटवण्याची विनंती पालकांनाही करता येते. त्यानं मूळ फोटो जात नाही, म्हणून पत्र आधी.

पत्राआधी मात्र लेकीला शेजारी बसवून अल्बम पाहा. कदाचित कबड्डीचा एखादा फोटो तिला हवा असेल, कदाचित एकही नको असेल. तिनं यादी करावी, तुम्ही सही करा.

स्टिकरचं खरं सांगते. पोरांच्या फोनमध्ये गेलेलं सगळं परत येणार नाही. वर्गशिक्षकांना भेटा, त्या मुलांच्या पालकांना बोलावून त्यांच्यासमोर पुसायला लावा. भर वर्गात लेकीचं नाव घेऊन भाषण होऊ देऊ नका, त्यानं तिचे आणखी हाल होतील. कुणी फोटोत अश्लील फेरफार केला असेल, तर तो ‘पुरावा’ म्हणूनही कुणाला पुढं पाठवू नका. १०९८ या मुलांसाठीच्या हेल्पलाइनला फोन करा आणि केंद्राच्या सायबर क्राइम पोर्टलवर तक्रार नोंदवा. अशी तक्रार नाव न सांगताही करता येते.

जाऊबाईंशी भांडू नका. त्यांना विचारा, आठवीत असतानाचा त्यांचा एखादा फोटो शेजारच्या पोरांनी घरोघर फिरवलेला चालला असता का.

शाळेकडं पत्राची पोच मागा, शिक्क्यासह. उत्तर आलं नाही तर पालक-शिक्षक संघाच्या पुढच्या बैठकीत विषय ठेवा, आणि एकट्या जाऊ नका. त्या अल्बममध्ये बाकीच्यांच्याही लेकी आहेत, त्यांच्या आयांना आजच फोन करा.